टर्कीचं सूप आणि तीन आवाज
सौदीची आठवण म्हणून उंट शोधत असाल तर सॉरी, इथं टर्की आहे, देश नव्हे, कोंबडीसारखा मोठा पक्षी. परवा गरम क्रीमचा वास आला आणि अल-खोबरमधला तो शुक्रवार आठवला. दोन्ही रूममेट सुट्टीवर गावी गेलेले, फ्लॅटमध्ये फक्त एसीची घरघर. कंपनीतल्या गोऱ्या साहेबानं पार्टीनंतर दिलेली उरलेली टर्की आणि काळा वाइल्ड राइस शिजवून, क्रीम घालून मी पातेलंभर सूप केलं. एकटाच जेवतोय हे फोनवर आईला कळू नये म्हणून रूममेटांचे आवाज काढले, "काकू, मस्त झालंय हो!", "आंटी, एक नंबर!", आणि प्रत्येक आवाजामागं एक भुरका मारला. आई म्हणाली, "आवाज तीन आणि भुरका सगळ्यांचा एकसारखाच, तोही तुझा? एकटा आहेस हे मला सांगायला काय झालं, गाढवा? फोन ठेवलास तर बघ. जेव आधी, मी ऐकतेय."