डॉक्टरांना न दिलेलं पत्र

गणपतराव डॉक्टर गेल्याची बातमी मला वर्गात कळली. शाळेचा शिपाई दाराशी येऊन म्हणाला, "मास्तर, डॉक्टर गेलं." बारामतीत डॉक्टर तसे तिघे आहेत, पण कोणते, हे विचारावं लागलं नाही. संध्याकाळी शोकसभा झाली. बी. ए. झालेला आणि बरं बोलणारा म्हणून हेडमास्तरांनी मलाच उभं केलं. मी 'देवमाणूस' म्हणालो, 'गोरगरिबांचा आधार' म्हणालो. लोकांनी डोळे पुसले. खाली बसलो तेव्हा शेजारच्यानं पाठीवर थाप मारली… ती थाप सव्वा महिना झाला तरी पाठीवरून गेलेली नाही. सभेत जे बोललो नाही ते लिहितो आहे.

मी लासुर्ण्याच्या शेतकऱ्याचा मुलगा. आमच्या घराण्यात कॉलेजात गेलेला पहिला मीच. त्याचा मला अभिमान होता आणि आजही आहे, खोटं कशाला बोलू? डॉक्टरही आमच्याच इंदापूर भागातले, एल. सी. पी. एस. ही डॉक्टरकीची धाकटी परीक्षा झालेले. बाजारपेठेत त्यांचा दोन खोल्यांचा दवाखाना. बाहेरच्या बाकावर हिवतापानं कुडकुडणारे, गुऱ्हाळात हात पोळलेले आणि पोरं काखेला घेतलेल्या बाया बसलेल्या असत. डॉक्टर त्यांच्याशी त्यांच्याच बोलीत बोलत. मला ते खटकायचं. पुण्यात चार वर्षं घासून घासून ती बोली मी जिभेवरून काढली होती, आणि हा माणूस शिकूनसवरून खुशाल 'हाय, न्हाय' करत होता.

माझ्या पत्नीला पहिल्यांदा दिवस गेले तेव्हा मी ठरवलं की दाखवायचं ते पुण्यातच. तिथे विलायतेत शिकून आलेले, बायकांच्या दुखण्यांतले मोठे डॉक्टर होते. रस्त्यात गणपतराव भेटले तेव्हा मी मुद्दाम हे त्यांच्या कानावर घातलं. वाटलं होतं, चेहरा उतरेल. ते हसले. म्हणाले, "दाखवा की मास्तर, चांगलंच हाय. फकस्त ते काय सांगत्यात तेवढं मला कळवा. बाळंतपण पुण्यात व्हईल, पण नऊ महिनं हितंच काढायचं हायत न्हवं?" मी मान डोलावली आणि पुढे गेलो.

सहाव्या महिन्यात आम्ही पुण्याला गेलो. मोठ्या डॉक्टरांनी तिचे पाय दाबून पाहिले, रक्तदाब मोजला, आणि पाकिटात घालून एक इंग्रजी पत्र दिलं. हे तुमच्या गावच्या डॉक्टरांना द्या, म्हणाले. दर आठ दिवसांनी लघवी तपासायला सांगा, दोष दिसला तर एक दिवसही न थांबता घेऊन या. परतताना, दौंडला बारामतीच्या छोट्या रेल्वेगाडीत बसल्यावर मी ते पाकीट फोडलं. दुसऱ्याच्या नावचं पत्र, पण मला इंग्रजी येत होतं ना! पत्र लहान होतं. एकही शब्द अडला नाही, याचा मला आनंद झाला. मीठ बंद, विश्रांती, आठवड्याला तपासणी. मीठ मी त्याच दिवशी बंद करवलं. तपासणीचं मात्र मनात येईना. दर आठ दिवसांनी लघवीची बाटली घेऊन बी. ए. मास्तरानं भर बाजारातून जायचं, आणि माझ्याच विद्यार्थ्यांच्या बापांशेजारी त्या बाकावर बसायचं… पुढच्या महिन्यात पुण्याला जायचंच आहे, तेव्हा बघू, असं मी स्वतःला समजावलं. पत्र शब्दकोशात ठेवून दिलं.

तिचे पाय सुजले. शेजारणी म्हणाल्या, पहिलटकरणीचे सुजतातच. मग चेहरा सुजला. एका सकाळी तिनं डोकं फार दुखतंय, डोळ्यांपुढं काजवे चमकतात, असं सांगितलं, आणि मी शाळेला निघायच्या आत तिला झटके सुरू झाले. मी धावत गेलो तो त्याच दवाखान्यात. डॉक्टर हातातला रोगी तसाच सोडून आले. त्यांनी खोलीत अंधार करवला, चमच्याला फडकं गुंडाळून तिच्या दातांत धरलं, इंजेक्शन दिलं. अशा स्थितीत तिला गाडीत घालणं शक्य नव्हतं. दोन दिवस ते आमच्या घरातून हलले नाहीत. ती वाचली. मूल मेलेलंच जन्मलं. मुलगा होता.

त्या गडबडीतच त्यांनी स्पिरिटच्या दिव्यावर काचेची नळी धरून तिची लघवी उकळून पाहिली होती. नळीत दह्यासारखा थर धरला. दोन मिनिटांचं काम. ती नळी मला दाखवून त्यांनी हळूच विचारलं, "पुण्याच्या डॉक्टरांनी कायच लिहून दिलं न्हवतं?"

मी म्हणालो, "नाही."

"मग त्यांचं राहून गेलं आसंल," ते म्हणाले.

पुढे आळीभर तेच झालं. एवढा मोठा पुण्याचा डॉक्टर, पण चुकला, असं लोक बोलायचे आणि मी ऐकून घ्यायचो. महिन्याभरानं औषध आणायला गेलो तर डॉक्टरांच्या टेबलावर एक पत्र उघडं पडलेलं. पुण्याच्या डॉक्टरांचं अक्षर मी लगेच ओळखलं. गणपतरावांनी त्यांना सगळी हकीकत कळवली असणार आणि हे त्याचं उत्तर. त्यांनी ते सावकाश उचलून खणात ठेवलं आणि मला विचारलं, "दूध घेत्यात का?" बस, इतकंच. त्यानंतर इतकी वर्षं त्या विषयाचा एक शब्द नाही. पण तेव्हापासून पुण्याला पाठवायच्या बाईची चिठ्ठी ते नवऱ्याच्या हाती देईनासे झाले. चिठ्ठी बाईच्या पदराला बांधायची, आणि आत काय लिहिलंय ते तिला तिच्या बोलीत, तिच्याकडून पाठ होईपर्यंत सांगायचं. माझ्या पत्नीच्या दुसऱ्या खेपेला ती स्वतःच बाटली पदराखाली घेऊन दर आठ दिवसांनी जायची. नळीत ढग दिसला तर पुणं, पाणी नितळ राहिलं तर घर, हे तिला माझ्याआधी कळू लागलं. मुलगी झाली. आता ती अंगणात पळते. मी डॉक्टरांना लांबूनच नमस्कार करत राहिलो.

हे छापायला देण्याआधी परवा मी पत्नीला वाचून दाखवलं. तिला वाचता येत नाही. मी शिकवलं नाही. वाटलं होतं, रडेल, निदान रागावेल. ती निवडायचे तांदूळ पुढ्यात घेऊन बसली होती. म्हणाली, "मी ऐकलं व्हतं की. पुण्याचं डॉक्टर माझ्यासमोरच बोललं न्हवं का, दर आठ दिसांनी म्हणून."

मग तेव्हा बोलली का नाहीस, असं मी विचारलं.

"तुमी शिकल्यालं. मला वाटलं, तुमास्नी जास्त कळत आसंल."

गणपतरावांची एक सवय होती. नळी, औषध, चिठ्ठी सगळं झालं की बाईला ते शेवटी विचारायचे, "आता तुला काय वाटतंय त्ये सांग," आणि ती बोलेपर्यंत पुढच्या रोग्याला आत घेत नसत. पत्नीच्या तोंडून हे मी कितीदा ऐकलं असेल. काल संध्याकाळी, मुलीला शाळेत कधी घालायचं याचा विचार चालला होता, तेव्हा तो प्रश्न मी पहिल्यांदा माझ्या घरात विचारला. पत्नीनं मागं वळून दाराकडं पाहिलं. कोणी आलंय आणि मी त्यांना विचारतोय, असं तिला वाटलं.