फोनखालचा बस्ता

काका गेल्याचं कळलं तेव्हा मी आदिलाबादच्या बसस्टँडवर उभी होते. फोनवर काकूंचा आवाज शांत होता. "आंघोळ करून, शर्ट घालून बसले होते. टीव्हीवाल्याचा फोन येनार होता म्हनून..." मी फक्त "येते" म्हणाले. काकांशी माझं बोलणं कित्येक महिने बंद होतं. घरात सगळ्यांना ते ठाऊक असावं, कारण कोणी कधी विचारलं नव्हतं.

गणपतकाका माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. वीस वर्षं ते आमदारसाहेबांच्या अगदी जवळ होते. तलमडुगुकडच्या आमच्या गावात कोणाला साहेबांपर्यंत पोचायचं असेल, तर आधी काकांच्या ओसरीवर यावं लागे. मी इंग्रजी शाळेत जाणारी, चार माणसांत तोंड न उघडणारी. पण दर रविवारी काका मला शेजारी बसवून लोकांचे अर्ज लिहून घेत. "इंग्रजीत लिव माय. इंग्रजी कागद साहेब पैले वाचतात." आणि आलेल्या माणसाला म्हणत, "माह्या पुतनीचं अक्षर पाय." मला एरवी फारसं कौतुक मिळत नसे. मी त्या एका वाक्यासाठी रविवारची वाट पाहायची.

आठवीत असताना मी बसचा अर्ज लिहिला. शेजारची सुरेखा ओढा ओलांडून शाळेत चालत जायची. बस आली नाही तर नववीला पाठवणार नाही, असं तिच्या वडिलांनी सांगून टाकलं होतं. अर्जावर पहिली सही तिनंच केली. "होईल ना वं?" तिनं विचारलं. "होईल, काकाच साहेबाले देनार हायेत," मी म्हणाले. बस आली नाही. पुढच्या वर्षी सुरेखा कापूस वेचायला जाऊ लागली, मग तिचं लग्न झालं.

साहेब हरले, काकांचं त्यांच्याशी बिनसलं, आणि टीव्हीवाल्यांना काका सापडले. चर्चेला ते घरूनच बसत. वर इस्त्रीचा पांढरा शर्ट, खाली लुंगी. कॅमेरा डोळ्यांच्या उंचीवर यावा म्हणून टेबलावर लाल कापडात बांधलेला जुन्या कागदांचा बस्ता ठेवत आणि त्यावर फोन. आम्ही सगळे दाराआड दाटीवाटीनं बसून ऐकायचो. मलाही अभिमान वाटायचा.

गेल्या वर्षी निवडणुकांवर माहितीपट करणाऱ्या दोघी बाहेरून आल्या. काकांच्या बोलण्याची इंग्रजी ओळ पडद्यावर खाली दिसावी, म्हणून ते काम त्यांनी मला दिलं. कानाला हेडफोन लावून मी ऐकत होते. काका हसत सांगत होते, "अर्ज? साहेबाले इंग्रजी कुठं येत होतं? इंग्रजीत लिवला का लोकायले वाटे, काम झालं. सगळे माह्याच घरी पडून राहत." मी ते तीनदा ऐकलं. मग जसंच्या तसं इंग्रजीत लिहिलं.

दुसऱ्या दिवशी मी विचारलं, "काका, ते खरं हाय?"

"थोडा मसाला लागते माय. नाई तर कोन पायते?"

म्हणजे ते कॅमेऱ्यासमोर खोटं बोलले, की आमच्यासमोर? पुढे विचारायची हिंमत झाली नाही. मी त्यांच्याकडे जाणं सोडलं. मसालाच असेल, असं मात्र मनाशी धरून राहिले...

तेराव्यानंतर मी त्यांच्या खोलीत गेले. शर्ट खिळ्याला होता, टेबलावर बस्ता. मी गाठ सोडली. आत माझंच अक्षर होतं. खाली लहानपणचं गोल गोल, वर हळूहळू सुधारलेलं. मधे कुठेतरी बसचा अर्ज, त्यावर सुरेखाची सही. कॅमेऱ्यासमोर काका खोटं बोलले नव्हते.

संध्याकाळी काकूंनी हैदराबादच्या लेकीला फोन लावला आणि सवयीनं बस्त्यावर टेकवला. फोन घसरला.

"आज काऊन बसून नाई राह्यला? काई काढलं का यातून?"

"एकच कागद," मी म्हणाले.

काकूंनी बस्ता दोन्ही हातांनी दाबून सारखा केला आणि फोन पुन्हा ठेवला. सुरेखाच्या सासरी आता बस जाते. कागद माझ्या पर्समध्ये आहे. मी अजून गेलेले नाही.