एक उना

मला राग येत नाही, असा माझ्याविषयी सर्वत्र समज आहे. चोवीस वर्षे गणित शिकवताना मीच तो जपला. वर्गात आवाज चढवला नाही, स्टाफरूममध्ये खिडकीजवळची खुर्ची मागितली नाही. आज हे लिहिते आहे ते दोन महिन्यांपूर्वीच्या एका रविवाराविषयी. त्या दिवशी आलेला राग अजून निवलेला नाही, आणि निवावा अशी माझी इच्छाही नाही.

विषय एका खेळाचा आहे. संगणकावरचा, बंदुकांचा. वयाच्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी मी तो शिकले, हे सांगताना आजही संकोच वाटतो. जळगावातल्या ज्या कनिष्ठ महाविद्यालयात मी शिकवते, तिथल्या संगणक प्रयोगशाळेत एक साहाय्यक मुलगी आहे. मुलगी म्हणते, पण सव्वीस वर्षांची आहे. साक्रीच्या पलीकडच्या डोंगराकडच्या एका खेड्यातून आलेली, कंत्राटावर काम करणारी. उन्हाळ्याच्या सुटीत मी निकालपत्रके करायला प्रयोगशाळेत बसत असे. काम संपले की ती हा खेळ लावी. पहिले काही दिवस मी तिच्या पाठीमागून पाहिले. एके दिवशी तिने शेजारची खुर्ची पुसली आणि मला बसवले.

खेळ सोपा आहे. पाच जणांची एक तुकडी, समोर दुसरी पाच जणांची. एकीने ठरलेल्या जागी स्फोटक ठेवायचे, दुसरीने ते ठेवू द्यायचे नाही. जो मरतो त्याने ती फेरी संपेपर्यंत नुसते पाहत बसायचे. आरंभी प्रत्येकाने एक पात्र घ्यायचे, आणि तुकडीत एकाने घेतलेले पात्र दुसऱ्याला घेता येत नाही. नवख्याला पाच पात्रे फुकट मिळतात. बाकीची पुष्कळ खेळून किंवा पैसे भरून उघडावी लागतात. त्या पाचांत एक सर्वांआधी घुसणारी, एक जखमा भरणारी, एक भिंतीपलीकडचे पाहणारा, एक धूर सोडणारा आणि एक पाळत ठेवणारा. माझ्यापुढे ही पाच चित्रे आली तेव्हा मी सवयीने म्हणाले, मला कोणीही चालेल.

ती म्हणाली, “मॅडम, चालेल असं नसतं इथे. तुमच्याकडून आपोआप होतं ते घ्या.”

मी धूर सोडणारा घेतला. धूर करून त्याच्याआड उभे राहणे मला आयुष्यभर जमलेले आहे. ती स्वतः पाळतवाला घेई आणि त्याला राखणदार म्हणे. तो वाटांवर बारीक तारा बांधतो. शत्रूचा पाय लागला की त्याला कळते. त्यांच्याकडे मक्यात रानडुकरे शिरू नयेत म्हणून दोरीला रिकामे डबे टांगतात, हे तेच आहे, असे तिने सांगितले. तारा बांधण्यात तिचा हात धरणारे मी कोणी पाहिले नाही. समोरच्याला जिथून यावेसे वाटेल तिथे ती आधीच बसलेली असे.

जूनमध्ये आमच्या प्रयोगशाळेच्या प्रमुखांनी तुकडी केली. ते माझ्याहून दहा वर्षांनी लहान. मी त्यांना सर म्हणते, ते मला मॅडम. कर्णधार ते स्वतः, असोद्याचे दोघे भाऊ, ती मुलगी, आणि पाचवे कोणी मिळेना म्हणून मी. शहरातल्या एका गेमिंग पार्लरमध्ये रविवारी दुपारी आम्ही जमत असू. धुळ्याच्या अशाच एका तुकडीशी तीन सामने ठरले. पहिले दोन जळगावला, तिसरा धुळ्याला. तिसऱ्याला तिचा भाऊ साक्रीहून बसने येणार होता. संगणकावर बसून बहीण काय करते, हे घरच्यांपैकी कोणी कधी पाहिले नव्हते. हे तिने मला दोनदा सांगितले, आणि दोन्ही वेळा दुसरेच काही सांगत असल्यासारखे.

सरांजवळ पैसे भरून घेतलेली पुष्कळ पात्रे होती. आमची दोघींची फुकटातली. पहिल्याच दिवशी ते म्हणाले, “रेशनच्या तांदळात बिर्याणी होत नाही, मॅडम.” असोद्याचे भाऊ हसले. मीही हसले, विनोद माझ्यावर असला तरी हसायचे, ही माझी जुनी शिस्त. पहिला सामना मात्र आम्ही तिच्या तारांवर जिंकलो. सरांचे महागडे पात्र दर फेरीत आधी घुसे आणि आधी मरे.

सरांचा आणखी एक नियम होता. कानातल्या माइकवर बोलायचे ते नीट मराठीत. खेळाच्या भरात ती खानदेशीत शिरे, आणि सर तिला लगेच थांबवत. हे बाजारातले बोलणे इथे नको, असे ते म्हणत. हेच सर जेवणाच्या सुटीत व्हरांड्यात उभे राहून आईशी फोनवर बोलतात तेव्हा त्यांच्या तोंडी सगळी तीच खानदेशी, ‘शे’ आणि ‘बठ्ठा’, असते. मी शेजारून जात असे आणि काही म्हणत नसे.

दुसऱ्या सामन्यातली शेवटची फेरी. दोन्हीकडे समान गुण. आमच्या तुकडीत ती आणि मी उरलेलो, त्यांच्यात दोघे. स्फोटक माझ्याजवळ. मी धूर सोडून भिंतीआड उभी होते. ती मागच्या वाटेवर तारा बांधून बसली होती. त्यांच्यापैकी एक जरी पडला तरी मी बाहेर येऊन स्फोटक ठेवायचे, असे आमचे ठरले होते. तेवढ्यात कानात तिचा आवाज आला, घाईचा, दबलेला.

“अक्का, एक उना.”

तिने मला मॅडमऐवजी अक्का म्हटले, याच्या आश्चर्यात अर्धा क्षण गेला. उरलेल्या अर्ध्यात मी ऐकले ते ‘एक उणा’. उणा, वजा, कमी. त्यांच्यातला एक कमी झाला. मी भिंतीआडून बाहेर आले आणि मागून आलेल्या गोळीने पडले. तिच्या तारेला पाय लागून जो आत शिरला होता, त्याचीच ती गोळी. त्याच्याविषयीच ती सांगत होती. उना म्हणजे आला.

पुढच्या काही सेकंदांत तीही पडली. सामना गेला. पलीकडच्या खोलीतून धुळेकरांचा आरडाओरडा ऐकू आला. सरांनी हेडफोन काढला आणि तिच्याकडे वळले.

“किती वेळा सांगितलं, नीट बोल म्हणून? मॅडमना काय कळणार तुझं ते उना न् फिना?”

ती म्हणाली, “सॉरी सर.”

मी हेडफोनची वायर गुंडाळत होते. ती गुंडाळायची नसते. पार्लरवाला ती तशीच लोंबू देतो. मी नीट, सारख्या वेढ्यांत गुंडाळली. सर सांगत होते की धुळ्याच्या सामन्याला तिच्या जागी त्यांचा आतेभाऊ खेळेल. त्याच्याकडे पात्रेही चांगली आहेत, आणि तो बोलतोही व्यवस्थित. मी वेढे मोजले, सात झाले.

मला तो शब्द कळत नव्हता, हे खोटे आहे. माझा जन्म धुळ्याचा. आमच्या घरात खानदेशीला मज्जाव होता हे खरे. वडील शिक्षक होते, आणि ‘शे’ तोंडातून गेला की जेवणाचे ताट मागे ओढत. पण दारात दूधवाला उभा राहून ‘दूध उनं’ म्हणे ते काही माझ्या कानाबाहेर नव्हते. त्याहून वाईट आहे ते पुढचे. नोकरीच्या दुसऱ्या की तिसऱ्या वर्षी एक विद्यार्थी फळ्यापाशी गणित सोडवून म्हणाला होता, “मॅडम, पाच उनं.” पाच आले, असे तो सांगत होता. उत्तर बरोबर होते. मी त्याला विचारले, उणे पाच कुठून आणलेस? वर्ग हसला. तो जागेवर जाऊन बसला. त्याच दिवशी संध्याकाळी वह्या तपासताना चूक माझ्या ध्यानात आली होती, आणि दुसऱ्या दिवशी मी ती सांगितली नव्हती. म्हणजे हा एकच शब्द मी वीस-बावीस वर्षांच्या अंतराने दोनदा चुकीचा ऐकला, आणि दोन्ही वेळा शिक्षा बरोबर बोलणाऱ्याला झाली.

सोमवारी मी धीर केला. माझ्या धीराची मजल एवढीच की तुकडीच्या मोबाइलवरच्या गटात एक मजकूर लिहिला. चूक माझी होती, तिने अचूक सांगितले होते, मी चुकीचे ऐकले, तरी तिची जागा काढू नये. चार वाक्ये होती आणि ती लिहायला मला पाऊण तास लागला. सरांचे उत्तर लगेच आले. जोडलेले हात आणि पुढे, ‘मॅडम, तुमचा मोठेपणा.’ असोद्याच्या भावांनीही हात जोडले. बस्स. विषय संपला.

आयुष्यभर नम्रपणे खोटे बोलत राहिल्याचे हे फळ. मला काहीही चालेल, तुम्ही आधी घ्या, नाही नाही चूक माझीच, असे मी इतक्या वेळा म्हटले आहे की खरोखर चूक केल्यावर ती कबूल करण्याचीही सोय उरली नाही. सरांचा राग आलाच. पण माझ्या त्या गोड, पाठ केलेल्या, सुशिक्षित सभ्यपणाचा जो राग आला त्याला तोड नव्हती.

तिचा निरोप वेगळा आला, फक्त मला. ‘राहू द्या मॅडम. मला त्यांच्या हाताखाली काम करायचं आहे.’

तिसऱ्या सामन्याला आम्ही धुळ्याला पोहोचलो तेव्हा ती पार्लरमध्ये आधीच आलेली होती. भावाने रजा टाकून ठेवली होती. त्याला येऊ नको म्हणणे तिला जमले नव्हते. तो इस्त्रीचा शर्ट घालून भिंतीशी बाकावर बसला होता, आणि ती त्याच्या शेजारी. तिची खुर्ची कोणती, असे तो तिला विचारत असावा, कारण तिने दोनदा मान हलवली. सरांचा आतेभाऊ तिच्या जागी हेडफोन लावून तयार होता.

पडद्यावर पात्रे आली. इथे एक नियम आहे: ठरलेल्या वेळात पाचांपैकी एकाने जरी पात्र पक्के केले नाही, तरी सामना सुरू होत नाही. चौघांनी घेतली. मी हात मांडीवर ठेवले. आकडे उतरत शून्यावर आले आणि पडदा परत पहिल्या जागी गेला.

“मॅडम, दाबायचं राहिलं बहुतेक,” सर म्हणाले.

परत पात्रे आली. धुळ्याकडचा एकजण मोठ्याने म्हणाला, “जळगावनं केळं आजून पिकनं नही का?” हशा झाला. यजमानांनी सांगितले की आता परत वेळ गेला तर सामना धुळ्याला द्यावा लागेल.

“मॅडम, घ्या ना कोणीतरी.”

“घेणार नाही,” मी म्हणाले. “ती खेळत असेल तर घेईन.”

“अहो, तुमचा मोठेपणा कळतो आम्हाला, पण...”

“मोठेपणा नाही. तिने बरोबर सांगितलं होतं आणि मी चुकीचं ऐकलं. तुम्ही मागे बसून ऐकत होतात. उना म्हणजे काय, तुम्हाला माझ्याहून चांगलं कळतं. रोज दुपारी व्हरांड्यात तुम्ही तेच बोलता.”

माझा आवाज चढला होता. तो इतका मोठा होऊ शकतो हे मलाही ठाऊक नव्हते. शेजारच्या खोलीतले हसणे थांबले. सरांचा चेहरा लाल झाला. पडद्यावरचे आकडे उतरत होते. आतेभाऊ स्वतःच उठला. त्या बिचाऱ्याचा काही दोष नव्हता. तिला बोलावल्यावर ती बाकावरून हलेना. भावानेच तिच्या खांद्याला हात लावून उठवले. ती येऊन बसली तेव्हा सर तिच्याकडे न पाहता म्हणाले, “बस. पण नीट बोलायचं.”

तिने राखणदार घेतला. मी धूर.

तिच्या तारा त्या दिवशी नेहमीपेक्षाही बिनचूक होत्या. पहिल्या फेरीत धुळ्याचे दोघे एकाच वाटेवर अडकले. पण तिचा आवाज कानात आला तेव्हा माझे हात थांबले. “मॅडम, डाव्या बाजूने एक खेळाडू आला आहे.” पुढच्या फेरीत, “उजवीकडे दोन जण आहेत. कृपया थांबावे.” ‘कृपया’ असे ती खरोखर म्हणाली. प्रत्येक वाक्य पुरे, क्रियापदासकट, बातम्या वाचल्यासारखे. एवढे बोलायला लागणारा वेळ तिच्या बोटांतून जात होता. दोनदा ती वाक्य पूर्ण करताना मेली. मी माइकवर म्हणाले, तुला यील तशी बोल, आणि माझी ती खानदेशी मलाच कानाला खोटी लागली. सरांनी घसा खाकरला. ती म्हणाली, “हो मॅडम,” आणि पुढचेही वाक्य तसेच आले.

आम्ही जिंकलो. असोद्याच्या भावांनी टाळ्या दिल्या. आता कसं, शांतपणे खेळली, असे सर सर्वांना ऐकू जाईल असे म्हणाले, आणि त्यात त्यांना काही खटकले नाही.

तिचा भाऊ तिच्या खुर्चीमागे येऊन उभा राहिला होता. सबंध सामना त्याने तिथूनच पाहिला. तिने हेडफोन काढल्यावर त्याने वाकून, गमतीने, पण थोडे बावरून विचारले, “हाई कोन बोली राहिनी व?” ही कोण बोलते आहे?

तिने पर्स घेतली, मला ‘येते मॅडम’ म्हणाली आणि त्याला घेऊन स्टँडकडे गेली.