अमांना दाखवलेला मुलूख

दिवाळीच्या सुट्टीत आमच्या शाळेतल्या शिक्षिकांना माथेरानची हुक्की आली. मी नको म्हटलं. घोड्यावर बसून फोटो काढायचा आणि चिक्की घेऊन परतायचं, याला मी तेव्हाही प्रवास म्हणत नव्हते आणि आज नव्वदी जवळ आली तरी म्हणत नाही. मी त्या सुट्टीत गेले अंबरनाथला आणि बदलापूरला. हसा खुशाल. भाचीही हसली, हा ब्लॉग तीच लावून देते. पण पन्नास-बावन्नच्या सुमाराला त्या बाजूला बघायला म्हणून कोणी जात नव्हतं, आणि मी जिला घेऊन गेले तिच्यासाठी तर तो परका देशच होता.

मोहिनी माझ्याच शाळेत हिंदी शिकवायची. सिंधमधून आलेली, घरात ती आणि आई. दोघी कल्याण कॅम्पात राहायच्या, म्हणजे आजच्या उल्हासनगरात. आईला ती अमां म्हणायची म्हणून मीही म्हणायचे. अजमेरहून मामा सारखा बोलावत होता आणि अमांचा जीव इथे काही लागत नव्हता. त्या निघाल्या असत्या तर मोहिनीला नोकरी सोडून मागोमाग जावं लागलं असतं, मामीच्या हाताखाली राबायला. दिवाळी झाली की सांगते, असं अमांनी भावाला कळवलं होतं. पोरगी रडकुंडीला आली होती.

“कुसुम, उसने यहाँ देखा ही क्या है? बैरक और नल की लाइन,” ती म्हणाली.

मी म्हटलं, चल, तिला आमचा मुलूख दाखवू या.

पहिला मुक्काम त्यांच्याच घरी. कल्याण स्टेशनपासून टांगा मिळायचा, वाटेत धूळ एवढी की पदर नाकाला लावावा लागे. लढाईच्या दिवसांत गोऱ्या सरकारने सैन्यासाठी बांधलेल्या बरॅकी, एकीसारखी दुसरी, दुसरीसारखी तिसरी. टांगेवाला दोनदा भलत्याच ओळीत शिरला. एका लांबलचक बरॅकीत गोणपाटाचे पडदे लावून कितीतरी बिऱ्हाडं. दारात अमां उभ्या होत्या. “अचो, अचो,” म्हणजे या, या. बाजूला सरून मला आधी आत घेतलं, मग भाजलेला पापड आणि पाणी. सिंध्यांच्या घरात पाहुण्याला पापड-पाण्याशिवाय सोडत नाहीत, हे तिथे जाणाऱ्याने लक्षात ठेवावं आणि जेवून जाऊ नये.

घरात एकही गोष्ट जागेवर मांडलेली नव्हती. भांडी पेटीत, कपडे बोचक्यात. अंथरूण रोज सकाळी गुंडाळून त्या दोरीने करकचून बांधायच्या, आत्ता गाडी पकडायची असल्यासारख्या. मी थट्टेने विचारलं तर त्यांनी भिंतीवर बोट ठेवलं. चुन्याखाली कोणा शिपायाने खिळ्याने कोरलेली नावं दिसत होती.

“ये उनका घर है. लौट आएँ तो?”

मला हसू येईना. त्या नावांखाली झोपायचं होतं आणि रात्रभर माझी कूस त्या भिंतीकडे वळली नाही.

दुसऱ्या दिवशी अंबरनाथ. स्टेशनपासून चालत गेलात तरी देऊळ जवळच आहे, ओढ्याच्या काठी. तेव्हा आजूबाजूला शेतं होती आणि माणूस नाही. काळ्या दगडाचं ते शिवालय बाहेरून नक्षीने इतकं भरलेलं आहे की डोळा ठरत नाही. आत मात्र गाभाऱ्यात पायऱ्या उतरून खाली जावं लागतं. खाली गार, ओलं, वटवाघळांचा वास. आपण बोललेलं आपल्यालाच वरून परत ऐकू येतं. मोहिनी दोन पायऱ्या उतरून परत फिरली. अमां मात्र तळाशी बराच वेळ बसल्या आणि वर आल्यावर पुजाऱ्याला विचारलं, “रात को यहाँ कौन रहता है?”

“कोई नही माताजी. कुलूप लावतो, घरी जातो.”

“भगवान को अकेला छोड़ के?” त्या एवढ्या चिडल्या की पुजारीबुवा कुलूप हातात घेऊन बघतच राहिले. रिकामी सोडलेली जागा अमांना सोसायची नाही, हे मला तिथे कळलं. कळून उपयोग काय, दुसऱ्या दिवशी मी त्यांना नेमकं तशाच जागी नेलं.

तिसरा दिवस बदलापूरचा. बेलवलीच्या एका गाडीवानाला भाडं ठरवून बारवी नदीच्या अंगाने डोंगराकडे निघालो. बरोबर अमांनी केलेल्या कोकी, म्हणजे कांदा घातलेल्या जाड भाकऱ्या. चार दिवस राहतात, प्रवासाला याहून उत्तम काही नाही. भात कापून झालं होतं, खाचरं पिवळी पडली होती, उन्हात पेंढ्याचा वास. अमां पहिल्यांदाच इकडे-तिकडे बघत होत्या. एक बंधारा पाहून म्हणाल्या, “हमारे यहाँ भी ऐसा था.” मोहिनीने माझा हात दाबला. उतारापाशी गाडीवान थांबला, पुढे गाडीवाट नव्हती. दिवस मावळायच्या आत इथेच येतो म्हणाला. वर डोंगरात एक वाडी दिसत होती, तिथवर आम्ही चालत गेलो.

वाडीत कोणी नव्हतं.

कामाला गेले असतील असं आधी वाटलं. पण म्हातारी माणसंही नव्हती, पोरं नव्हती. कुत्रं भुंकलं नाही. कोंबडी नाही, शेळी नाही, गोठे उघडे. कुडाच्या घरांची दारं सताड उघडी होती. एका ओट्यावर सुपात निवडायला घेतलेले तांदूळ, अर्धे इकडे अर्धे तिकडे. एका घरात झोळी टांगलेली, आत पोर नाही. मी “कोणी आहे का?” म्हणून हाक मारली आणि माझाच आवाज मला नकोसा झाला.

मागे बघते तर अमांचा चेहरा पांढरा पडलेला. “ये भी गए,” त्या म्हणाल्या.

मोहिनी त्यांना धरून सांगू लागली, अमां, इथे तसं काही झालेलं नाही. पण त्यांना ते ऐकूच येत नव्हतं. त्यांच्या गावात त्यांनी असंच घर सोडलं होतं, मळलेली कणीक ओल्या फडक्याखाली ठेवून. त्या सुपाच्या घरात शिरल्या, चुलीपुढे बसल्या. राख चाचपली, आत कुठे निखारा होता तो फुंकला, काटक्या घातल्या.

“घर को अकेला नहीं छोड़ते. कोई तो बैठे.”

कौलांतून धूर वर गेला. तेवढ्यात लांबून ओरडा झाला.

वाडीच्या शिवेवर, मोठ्या आंब्यापलीकडे, सगळं गाव उभं होतं. बाया, पोरं, शेळ्या, टोपलीत झाकलेल्या कोंबड्या. एकही माणूस आंब्याच्या अलीकडे पाऊल टाकत नव्हता. मी धावत गेले.

“धूर कोनी केला गं बाय?” पुढचा म्हातारा, त्यांचा भगत, आंब्यापलीकडूनच ओरडला. “गाव भायेर कारलाय आमी. मरीआई शिरली गावान. दोन मानसा गेली.”

पटकीची, म्हणजे कॉलऱ्याची, साथ आली होती. त्यांच्या रीतीप्रमाणे एक दिवस सगळा गाव, गुरंढोरांसकट, शिवेबाहेर न्यायचा. चुली विझवायच्या, दारं उघडी टाकायची. मरीआई घराघरात माणूस शोधत फिरते, कोणी भेटलं नाही की दिवस बुडताना आपली चालती होते. एकच चूल नीट विझली नव्हती.

“आन तुमी पेटवलीन,” भगत म्हणाला. “आता ती चुलीपाशी बसली. काय जायाची नाय.”

त्या घराची मालकीण, एक वाळकी म्हातारी, शांतपणे म्हणाली, “जिना पेटवली तिनाच न्यावी.” चुलीतला विस्तव मडक्यात भरायचा, घरापासून नदीपर्यंत चालायचं आणि पाण्यात सोडायचा. वाटेत मागे वळून बघायचं नाही. बघितलं तर ती परत फिरते, आणि बघणाऱ्याला धरून फिरते.

मला आधी भीती वाटली ती अमांची. ती बाई गेली तीन-चार वर्षं मागे बघण्यापलीकडे काही करत नव्हती. मी दोघींना आंब्यापाशी बोलावून आणलं आणि मोहिनीने त्यांना सगळं सिंधीत समजावलं. मी नेते म्हणाली, तर भगताने मान हलवली. अमांनी एकच विचारलं, “कौन है वो? औरत है?”

“हो,” मी म्हटलं. “औरत.”

अमांनी पदर डोक्यावर ओढला, त्या घरात परत जाऊन विस्तव भरला आणि मडकं उचललं. गावाने पाठ फिरवली. आम्ही दोघी अमांच्या जरा पुढे, बाजूने चालत होतो, आम्हालाही मागे बघायची बंदी. उतरतं ऊन, वाटेवर वाळका पाला. अमांची पावलं वाजत होती. आणि त्यांच्या मागे आणखी पावलं वाजत होती. मी स्वतःला सांगितलं, प्रतिध्वनी असेल. मोहिनीच्या हाताला घाम फुटला होता, म्हणजे तिलाही ऐकू येत होतं. मध्येच अमां हळूच म्हणाल्या, “अचो, अचो.” आम्हाला म्हणाल्या असं समजून आम्ही पाय उचलले.

नदीत मडकं सोडलं, चर्र झालं. अमांनी मान वळवली नाही. त्या घराची वाळकी म्हातारी दुसऱ्या वाटेने येऊन पलीकडच्या खडकावर थांबली होती. तिने लांबूनच विचारलं, “गाव कंचा तुजा?” मोहिनीने अर्थ सांगितला. कोणीही विचारलं तर अमां आपल्या सिंधमधल्या गावाचं नाव घ्यायच्या. त्या दिवशी म्हणाल्या, “कैंप.”

परतीच्या गाडीत अमां अगदी कडेला अंग चोरून बसल्या, शेजारी जागा असताना. मी दमले होते, फारसं लक्ष दिलं नाही.

बरॅकीशी पोचलो. मोहिनीने दार उघडलं. अमां उंबऱ्याबाहेर बाजूला सरल्या, दार हाताने धरून ठेवलं आणि मोकळ्या अंगणाकडे बघून म्हणाल्या, “अचो, वेहो.” या, बसा. क्षणभर थांबल्या, मग स्वतः आत आल्या.

“अमां, कौन?” मोहिनीने विचारलं.

“उसे भी घर से निकाला है,” अमां म्हणाल्या. “कहाँ जाएगी बेचारी?”

त्यांनी पापड भाजला, पाण्याचा पेला भरला आणि रिकाम्या खाटेपाशी ठेवला. मग वळकटीची दोरी सोडली आणि दोन अंथरुणं घातली, एक आपलं आणि एक त्या खाटेवर. ती दोरी दुसऱ्या दिवशी कपडे वाळत घालायला बांधलेली मी पाहिली.

मी घाबरले, खोटं कशाला सांगू. हात राखेने घासून धुतले, महिनाभर पाणी उकळून प्यायले, मोहिनीलाही प्यायला लावलं. त्या ओळीत कोणाला काही झालं नाही. मामा न्यायला आला तेव्हा अमांनी त्याला दारातच सांगितलं, “मेहमान घर में है. कैसे आऊँ?” तो बिचारा आत डोकावून गेला. अमां गेल्या नाहीत आणि मोहिनीची नोकरी राहिली.

तुम्हाला हा प्रवास करायचा असेल तर देऊळ आहे, जरूर बघा, सकाळी लवकर जा. वाडी मात्र दिसणार नाही. पुढे बारवीवर धरण झालं आणि ती पाण्याखाली गेली. माणसं पुन्हा शिवेबाहेर आली, या वेळी कायमची. ते कळलं तेव्हा मी मुद्दाम अमांना सांगायला गेले. मोहिनी बाहेर गेली होती. अमां खूप थकल्या होत्या. माझं सगळं ऐकून घेतलं. मग समोरच्या रिकाम्या खाटेकडे वळून अगदी हळू म्हणाल्या, “सुना? तेरा गाँव भी गया.”

खाट करकरली. जुनी खाट होती, सुंभ सैल झाला होता. मी जन्मभर शाळेत शिकवलं आहे आणि असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही. पण निघताना मी दोघींचा निरोप घेतला.