नर्मीनबाईंचं ‘परत’

बोरीत आमच्या शेजारी तुर्कस्तानची बाई राहते आणि ती तिकडचं शास्त्रीय गाणं गाणारी आहे, असं मी पहिल्यांदा माहेरी सांगितलं, तेव्हा माझ्या भावजयीने माझ्या कपाळाला हात लावून बघितला. तिला वाटलं, मला ताप आहे. मग ती स्वतःच बघायला आली. नर्मीनबाई ओट्यावर मांडी घालून बसल्या होत्या आणि दोन्ही तळहातांनी आपल्याच मांड्या बडवत होत्या. डोळे मिटलेले, तोंडाने पुटपुटणं चालू, "दुम... टेक टेक... दुम..." भावजय माझ्या कानाशी लागली, "वन्सं, बाईंच्या अंगात येतंय का हो?"

अंगात वगैरे काही येत नव्हतं, रियाज चालला होता. त्यांच्याकडे शिष्याने आधी ताल मांडीवर बडवायचा, तो हातात मुरला की मगच तोंड उघडायचं, अशी रीत. नर्मीनबाईंनी ती म्हातारपणीही सोडली नाही. दूध तापेपर्यंत मांडी बडवायच्या, जिंतूरच्या एसटीची वाट बघताना बडवायच्या, सरपंच बोलायला उभे राहिले की तर हमखास बडवायच्या. "गाणं मांडीत राहतंय, वैनी," मला म्हणायच्या. "डोस्क्यात ठिवलं की उडून जातंय."

ही अस्सल बोरीची बोली त्यांना सासूने आणि शेतातल्या बायकांनी दिली. पुस्तकातली मराठी त्यांच्या वाट्याला आलीच नाही. घारे डोळे, गोरीपान बाई, आणि दारात पाहुणा दिसला की हाक, "या की, कामून उभे राहायलाव?" परगावचा माणूस चक्रावूनच जायचा. काही शब्द तर त्या तिकडूनच घेऊन आल्या होत्या. दुनिया, किताब, हवा, साबण, हे सगळं त्यांच्या भाषेतही आहे म्हणे. निजामाच्या मुलखात आल्याचा तेवढा फायदा झाला. त्यांचा धर्म कोणता, देव कोणता, हे गावाने महिनाभर चघळलं आणि मग कंटाळून सोडून दिलं. त्या रमजानचे रोजे धरायच्या आणि पोळ्याला बैलांना आपल्या हाताने पुरणपोळी भरवायच्या.

त्यांची मागची हकिकत मला तुकड्यातुकड्याने कळली, बरीचशी गिरणीत. माझी पिठाची गिरणी त्यांच्या घराला लागून आहे. समुद्रकाठच्या इझमीर शहरात त्या वाढल्या. वडील शिंपी. पोरीला गळा आहे म्हणून त्यांनी तिला एका म्हाताऱ्या गुरूकडे घातलं. गुरूला त्या ‘होजा’ म्हणायच्या. होजा एक ओळ गायचे, पोरीने ती म्हणायची, चुकली की होजा एकच शब्द बोलायचे, परत. कागद नाही, पेन नाही. कित्येक वर्षं असं चाललं. मग त्यांना तिकडच्या रेडिओच्या गायकवृंदात नोकरी लागली. तिथे तीस-चाळीस जण मिळून एकच चाल अशी गातात की कुणाचा आवाज वेगळा कळता कामा नये. कळला तर तो दोष. नर्मीनबाई बरीच वर्षं मागच्या रांगेत बसल्या, नंतर पुढे आल्या आणि शेवटी मायक्रोफोनसमोर एकट्या उभ्या राहिल्या. दोन कॅसेटी निघाल्या. बाजारात लोक ओळखायचे, मासेवाला दोन मासे जास्तीचे टाकायचा. पुढे लोकांची आवड पालटली, वृंद लहान झाला, कार्यक्रम कमी झाले. त्याच सुमारास त्यांना आमच्या बोरीचे दिगंबरराव भेटले. ते तिथल्या सूतगिरणीत मशीन दुरुस्त करायला गेले होते.

"ह्याला गाण्यातलं काईच कळत नव्हतं," त्या नवऱ्याकडे बोट करून सांगायच्या. "पण गप बसून ऐकायचा. कळणारे लोक गप बसत न्हाईत." लग्न झालं. वडील वारल्यावर दिगंबररावांना शेतीसाठी गावी यावं लागलं. ते सांगतात, "मी म्हणलं, दोन वर्षं राहू. ती म्हणली, बघू. ती आपली बघतच राहिली."

आता पेटीचं सांगते. आमचे हे, म्हणजे माझे मालक, मारुतीच्या देवळातल्या महिला भजनी मंडळाला पेटीची साथ करतात. शेजारी एवढी गाणारी बाई आहे म्हटल्यावर त्यांनी मोठ्या हौसेने तिला देवळात गायला बोलावलं. नर्मीनबाई गायला लागल्या आणि ह्यांची तारांबळ उडाली. बाईंचा एक स्वर पेटीत सापडेचना. काळी पट्टी दाबली तर स्वर वर राहतो, पांढरी दाबली तर खाली. ह्यांना वाटलं, बाई चुकायल्यात, आपण सावरून घेऊ, म्हणून ते भाता जोरात मारून आपलाच स्वर ठासून देऊ लागले. देऊळ पेटीने दणाणून गेलं. नर्मीनबाई थांबल्या, हात जोडले आणि म्हणाल्या, "दाजी, पेटी बंद करा. मला वाट दिसंना." बायका फिदीफिदी हसल्या. हे घरी येऊन म्हणाले, "बाई बेसूर आहे, स्पष्ट सांगतो." दुसऱ्या दिवशी नर्मीनबाई ज्वारी दळायला आल्या, गिरणीच्या पट्ट्याची घरघर कान देऊन ऐकली आणि मला म्हणाल्या, "वैनी, तुमची गिरणी सुरात हाय. पेटी न्हाई." मी हे ह्यांना सांगायला नको होतं. रात्री ते जेवले नाहीत.

खरं सांगू, मला त्या बाईचा राग यायचा. पाच मिनिटं बसा म्हणून ओट्यावर बोलवायच्या आणि तासभर मांडी बडवायला लावायच्या. पण चार दिवस त्या परभणीला गेल्या की मला करमायचं नाही. माझं गाणं बेताचंच. मी एक ओळ म्हणायचे, त्या म्हणायच्या, "परत." मी पुन्हा म्हणायचे. "परत." रागावणं नाही, हसणं नाही. दिगंबरराव आतून ओरडायचे, "वहिनी, चुकलं तर परत म्हणती. बरोबर आलं तर काईच म्हणत न्हाई, उठून चहा टाकती." मला त्यांच्या हातचा तसला चहा एकदाही मिळाला नाही. मैत्रीखातर मिळायचा तो वेगळा.

मग त्यांच्या गळ्यात गाठ निघाली. नांदेडच्या डॉक्टरांनी सांगितलं, दिवाळीनंतर ऑपरेशन करावं लागेल, जीव वाचेल, आवाजाचं सांगता येत नाही. घरी आल्यावर त्या जिवाबद्दल चकार शब्द बोलल्या नाहीत. होजांनी त्यांना स्वतः बांधलेलं एक गाणं शिकवलं होतं. ते होजांनी तिघांना दिलं होतं, त्यातले दोघे आता हयात नव्हते. देताना होजांनी वचन घेतलं होतं की जायच्या आधी हे कुणाच्या तरी तोंडात घालून जा. नर्मीनबाईंना मूल नव्हतं, शिष्या नव्हती, आणि दिवाळी दोन महिन्यांवर आली होती.

मी म्हटलं, "अहो, मोबाईलवर गाऊन ठेवा की!"

"ठिवलं," त्या म्हणाल्या. "पण मोबाईल ऐकतोय, शिकत न्हाई. त्याला परत म्हणलं तर तेच म्हणतोय."

त्यांनी आमच्या मंडळातल्या एकेकीला बसवून बघितलं. सगळ्या मनापासून बसल्या, पण तो मधला स्वर आला की आमचे गळे सरळ पेटीच्या पट्टीवर जाऊन बसायचे. जन्म पेटीबरोबर गेलेला, दुसरं काय होणार! बाई दिवसभर "परत, परत" म्हणून थकायच्या आणि संध्याकाळी ओट्यावर गप्प बसून राहायच्या. त्यांचं ते गप्प बसणं मला बघवत नव्हतं.

अशात एके दिवशी आम्ही दोघी त्यांच्या शेतात होतो. कापसाची वेचणी चालली होती. वेचणाऱ्यांत कौसा होती, वस्तीवरची. दरवर्षी दिवाळी झाली की नवऱ्याबरोबर ऊसतोडीला जाणारी. ती ओळीने कापूस वेचत आपल्याच नादात एक ओवी गात होती. अचानक नर्मीनबाई हातातला कापूस टाकून पराटीच्या झाडांतून धावत सुटल्या. एक चप्पल चिखलात राहिली. तिच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या आणि ओरडल्या, "परत! परत म्हण!"

कौसा घाबरली. ओच्यातला कापूस दाखवत म्हणाली, "काय चुकलं, माय? किडक्या कवड्या न्हाई घेतल्या म्या."

"काईच न्हाई चुकलं. ते गाणं म्हण."

तिने दबकत पुन्हा ओवी म्हटली. तो स्वर तिच्या गळ्यात होता. काळीचाही नाही, पांढरीचाही नाही, मधलाच. आजीकडून आईकडे, आईकडून तिच्याकडे आलेला, वाटेत कुठे पेटी लागलीच नव्हती. नर्मीनबाईंनी तिचे दोन्ही हात धरले आणि त्या रडायला लागल्या. मीही रडले, खोटं कशाला बोलू!

त्या दिवसापासून वेचणी सुटली की कौसा ओट्यावर यायची. सोपं काही नव्हतं. ताल नऊ मात्रांचा, आपल्या हाताला तो लंगडा वाटतो. शब्द परके. कौसाने पहिल्याच दिवशी अर्थ विचारला. नर्मीनबाईंनी सांगितला, "दार उघडं हाय. आलीस तर बस. न्हाई आलीस तरी उघडंच राहील." कौसा म्हणाली, "आमच्या वस्तीवर दारच न्हाई," आणि दोघी हसत सुटल्या. तिसऱ्या ओळीच्या शेवटी आवाज एका जागी धरून ठेवायचा आणि मग हळूहळू खाली उतरायचा. तिथे कौसा नेमकी घाई करायची. दिवसभराची थकलेली, घरी भाकरी टाकायच्या राहिलेल्या, घाई होणारच. "परत," नर्मीनबाई म्हणायच्या. "घाई कशाची? मोटार सुटायलीय का?" बाकी गाणं बसलं, ती जागा काही बसली नाही. चहा काही निघाला नाही.

दिवाळी झाली. टोळीचा ट्रक भल्या सकाळी वस्तीवर येऊन लागला. नर्मीनबाई पहाटेच तिथे जाऊन बसल्या होत्या. भांडी, गोधड्या, शेळ्या ट्रकमध्ये चढत होत्या आणि ह्या दोघी बाजूला मांड्या बडवत बसलेल्या. मुकादमाने दोनदा हॉर्न वाजवला. गाताना कौसा त्या जागी पुन्हा घाईने उतरली. नर्मीनबाईंनी तोंड उघडलं, पण ‘परत’ म्हणाल्या नाहीत. वेळच नव्हता. तिला नुसतं पोटाशी धरलं आणि ट्रक गेला. पुढच्या आठवड्यात त्या नांदेडला गेल्या. आल्या तेव्हा गाठ नव्हती आणि आवाजही नव्हता. नुसती फुसफुस उरली, तीही कानाजवळ तोंड नेलं तरच ऐकू येणारी.

तो हिवाळा आमच्या गल्लीला फार लांब गेला. मांडी बडवणं थांबलं होतं. आमच्या ह्यांनी एकदा स्वतःहून जाऊन त्यांच्यासमोर पेटी ठेवली आणि म्हणाले, "बाई, तुमचा तो स्वर कुठं असतो, ते बोटानं तरी दाखवा." नर्मीनबाईंनी काळ्या आणि पांढऱ्या पट्टीमधल्या फटीवर बोट ठेवलं. ह्यांनी त्या फटीकडे बराच वेळ बघितलं. "म्हणजे बेसूर मीच होतो," घरी येऊन म्हणाले आणि त्या रात्री नीट जेवले.

आता नर्मीनबाई नाहीत. मागच्या पावसाळ्यात झोपेतच गेल्या. पण ऑपरेशननंतरच्या गुढीपाडव्याच्या तोंडावर जे झालं, ते सांगितल्याशिवाय त्यांचं चित्र पुरं होत नाही.

पाडव्याच्या दोन दिवस आधी टोळी परत आली. कौसा ट्रकमधून उतरली ती वस्तीवर न जाता सरळ ओट्यावर आली. उन्हाने काळवंडलेली, पायाला भेगा, बोटांवर उसाच्या पाचटाचे ओरखडे. बाईंचा आवाज गेल्याचं तिला कुणी सांगितलं नव्हतं. नर्मीनबाईंनी गळ्याचा रुमाल बाजूला करून तिला व्रण दाखवला. कौसाने तो बोटाने हळूच चाचपला आणि समोर बसली. मग सांगू लागली, "कोयता ह्या तालावर चालंना माय, हात चुकायला लागला. मंग म्या गाडीत म्हणायचे, कारखान्याच्या वाटंनं. बैल काय, सावकाश चालतेत."

तिने मांडीवर हात ठेवले. दुम, टेक टेक. आणि गायला लागली. आम्ही गल्लीतल्या बायका दारात उभ्या. आमचे हे गिरणीचं बटण बंद करून आले. पहिली ओळ झाली, दुसरी झाली. तिसरीच्या शेवटी ती जागा आली. कौसाने आवाज त्या जागी धरला. धरून ठेवला. तिला कुठेच जायचं नव्हतं. मग सावकाश, सावकाश ती खाली उतरली.

गाणं संपलं. दिगंबरराव डोळे पुसत उठले. बरोबर आलं होतं, म्हणजे आता चहा टाकायचा. पण नर्मीनबाईंनी त्यांच्या सदऱ्याचं टोक धरून त्यांना खाली बसवलं. कौसाच्या कानाशी वाकल्या. काय म्हणाल्या ते मला ऐकू आलं नाही, पण ओठांवरून कळलं.

परत.

कौसाचा चेहरा पडला. "काय चुकलं, माय?"

नर्मीनबाईंच्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. त्यांनी मान हलवली, नाही, नाही, काहीच नाही चुकलं. आणि कौसाचे दोन्ही हात उचलून त्यांनी पुन्हा तिच्या मांडीवर ठेवले.