रडायला शिकलेलं पोर

रोहा-पेण एसटीत एक बाई माझ्या शेजारी बसली होती. मांडीवरचं वर्षाचं पोर मोठ्यानं रडत होतं आणि ती त्याच्या पाठीवरून हात फिरवत चक्क हसत होती. मागचा प्रवासी वैतागून म्हणाला, "अहो, गप्प करा त्याला!"

"रडू द्या वो," ती म्हणाली. "माझ्या बहिणीचा हाय. ती बाळंतपणात गेली. बाप धाटावच्या कंपनीत शिफ्टवर, पोर एकटंच पडून असायचं. मी आणला तवा रडायचाच नाय. डॉक्टर बोलले, याच वयात मेंदू घडतो, सारखं जवळ घ्या, बोलत ऱ्हा. आता त्याला कळलंय, रडलं की कोनतरी येतं."

वडखळ येईपर्यंत पोर रडत राहिलं. त्या रडण्यातला भरवसा आता आम्हा सगळ्यांनाच ऐकू येत होता.