बुरशीफोनला खारं पाणी

सारसोळे गावच्या पुतळाबाईशी माझं कधीच पटलं नाही. आमच्या सोसायटीच्या गेटबाहेर सोनमोहराच्या झाडाखाली ती मासे घेऊन बसायची. भाव विचारला की 'घ्यायचा हाय का नुसता बघायचा हाय?' असं उलट मलाच विचारायची. गिऱ्हाईक दुसरीकडे वळलं तर त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार. नवरा लवकर गेला, मुलगा वेगळा राहतो, आणि दोघांबद्दल ती सारख्याच रागाने बोलायची. तिची म्हणावी अशी एकच गोष्ट उरली होती, ती म्हणजे झाडाखालची जागा.

आमचे सेक्रेटरी सुभाषराव काही कमी नव्हेत. किरणं लागतात म्हणून त्यांनी गच्चीवरचा मोबाईल टॉवर काढायला लावला. मग घरात रेंज येईना, तेव्हा एका कंपनीचा बुरशीफोन आणला. झाडांची मुळं जमिनीखाली बुरशीच्या तंतूंनी जोडलेली असतात म्हणे. ए विंगच्या डब्यात बोललं की आवाज त्या तंतूंतून जाऊन बी विंगच्या डब्यातून निघायचा. सगळे तंतू गेटबाहेरच्या सोनमोहराशी येऊन मिळत. थोड्याच दिवसांत डब्यांत खरखर सुरू झाली. कंपनीचा माणूस म्हणाला, मासळीचं खारं पाणी मुळाशी मुरतंय, बुरशी जळतेय.

सुभाषरावांना तिला हाकलायला निमित्तच हवं होतं.

"मावशी, उद्यापासून दुसरीकडे बसा. तुमच्या मिठाच्या पाण्याने आमचा फोन मरतोय."

आता वैऱ्याला आपली दुखरी नस कोणी आपणहून दाखवतं का? पण आमचे सेक्रेटरी शिकलेले.

"तुमची बिल्डिंग नव्हती तवापासून मी हितं बसतंय," ती म्हणाली. "नाय उठत."

दुसऱ्या दिवशी त्यांनी वॉचमनकडून तिच्या पाटीतल्या ताज्या बोंबलांवर फिनेल ओतवलं. पुतळाबाईबद्दल मला प्रेम नव्हतं, पण अन्नावर फिनेल ओतणाऱ्या माणसाची मला किळस आली. ती एरवी एवढी तोंडाळ बाई, पण त्या दिवशी तिने नुसती पाटी उचलली आणि गेली.

पुढच्या सकाळी ती खड्या मिठाचं पोतं घेऊन आली. मुळाशी मीठ पसरलं, वर बादलीभर पाणी ओतलं आणि तिथेच पाट टाकून बसली. असं रोज चाललं. डबे मुके झाले.

सुभाषराव नरमले. मला म्हणाले, "तिला सांगा, खुशाल बस म्हणावं, कोणी उठवणार नाही. फक्त मीठ बंद कर."

मी जाऊन सांगितलं. वाटलं, जिंकली बिचारी. ती कोलंबी सोलत राहिली.

"माज्या बापाचा खाडीकडं शेत व्हता," ती म्हणाली. "चुलत्याशी भांडान झाला. त्यानं उधानाच्या भरतीला बांध फोडला. खारा पानी शिरला. मंग चुलता बोलला, झाला गेला इसरा. शेत इसरला नाय. तवापासून भात झाला नाय."

"अहो, पण झाडही मरेल. तुमची सावली जाईल."

"मना म्हाईत हाय."

एवढा द्वेष मी जवळून कधी पाहिला नव्हता, आणि खरं सांगते, मला तिची भीती वाटली.

झाड वाळलं. फांद्या पडायला लागल्या तेव्हा ते कापून नेलं. मे महिन्यात ती डोक्यावर पदर घेऊन भर उन्हात बसायची. बर्फ भराभर वितळायचा, मासळी नरम पडायची, गिऱ्हाईक लांबूनच निघून जायचं. सुभाषराव गॅलरीतून बघत चहा प्यायचे.

पावसाच्या तोंडावर ते कंपनीच्या माणसाला घेऊन नवीन रोप लावायला आले. पुतळाबाई उठली नाही, तेव्हा तिच्या पाटाशेजारीच खड्डा खणला. त्या माणसाने चिमूटभर माती जिभेवर ठेवली आणि थुंकला.

"सर, इथे आता काही जगणार नाही."

"कसा नाय?" पुतळाबाई म्हणाली. "मी हाय ना."